अंबरखान्यातले किल्लेदार

किल्लेदारांच्या घरी फोन केला आणि ते बेसमेंटमध्ये असले, तर काकू सांगायच्या, "ते अंबरखान्यात आहेत. थांबा, बोलावते." पहिल्यांदा ऐकणारा गोंधळून जाई. काकूंच्या आवाजात थट्टा नसे. गडावरच्या धान्याच्या कोठाराला अंबरखाना म्हणतात. तांदळाच्या पिशव्या, डाळींचे डबे आणि लोणच्याच्या बरण्या बेसमेंटमध्येच असल्यामुळे नाव चुकीचंही नव्हतं. गॅरेजला त्या घरात देवडी म्हणत, कारण देवडीत पहारेकरी बसतात आणि किल्लेदार उन्हाळ्यात गॅरेजचं दार अर्धं वर करून तिथे खुर्ची टाकून बसत. मागचं अंगण म्हणजे माची. वरची बेडरूम म्हणजे बालेकिल्ला. बर्फ पडला की ते स्वतः ड्राइव्हवे शोव्हल करत आणि आत येऊन टोपी काढता काढता जाहीर करत, "महादरवाजा मोकळा झाला."

हे घर टोरोंटोजवळच्या रिचमंड हिलमध्ये होतं, एकसारख्या विटांच्या घरांच्या रांगेत, कोपऱ्यापासून चौथं. किल्लेदार हे त्यांचं आडनाव नव्हे. मराठी मंडळात ते नाव पडलं आणि त्यांनी ते हरकत न घेता स्वीकारलं. व्यवसायाने ते टूल डिझायनर होते. विंडसरच्या एका मोटार कारखान्यात त्यांनी सगळी नोकरी केली, आणि निवृत्तीनंतर मुलगा अजित इकडे होता म्हणून ते इकडे आले. दोन वर्षांत अजितची बदली कॅलगरीला झाली. "मुलाच्या जवळ राहायचं म्हणून आलो," ते सांगत. "मुलगा गेला. आम्ही जवळच राहिलो."

नाव पडण्याचं कारण त्यांच्या पाच वह्या. जाड पुठ्ठ्याच्या, फुलस्केप आकाराच्या त्या वह्यांत ते एका मध्ययुगीन जर्मन किल्ल्याचा इतिहास मराठीत लिहीत होते. कॅनडात येण्याआधी ते दोन वर्षं जर्मनीत एका यंत्रकारखान्यात शिकाऊ उमेदवार होते. कारखाना एका लहान गावात होता आणि गावाच्या डोक्यावर तो किल्ला. गावाचं नाव ते सांगत नसत. "नाव सांगितलं की लोक फोनवर फोटो बघतात आणि वाचायचं सोडून देतात." म्हणून मीही इथे ते देत नाही.

गणेशोत्सवात दरवर्षी कोणीतरी नवीन माणूस त्यांना विचारी, "त्या किल्ल्याचा महाराजांशी काही संबंध?"

"नाही."

"मग आपलं कोणी गेलं होतं का तिथे?"

"मी गेलो होतो."

इथे बहुतेक संभाषण संपे. जे थांबत त्यांना किल्लेदार पुढचं सांगत, आणि पुढचं असं होतं की त्या किल्ल्यावर काहीही झालं नव्हतं. तिथे राजा जन्मला नाही. वेढा पडला नाही. बाराव्या शतकाच्या सुमारास कोण्या सरदाराने टेकडीवर एक बुरूज बांधला, त्याच्या वारसांनी भोवती तट घातला, पुढे घराण्याला नदीपलीकडची सपाट जमीन जास्त आवडली आणि किल्ला ओस पडला. गावकऱ्यांनी तटाचे दगड नेऊन घरं बांधली. नंतर तिथे तुरुंग झाला, मग धान्याचं गोदाम, दुसऱ्या महायुद्धानंतर काही वर्षं निर्वासितांची वस्ती. "लढाई झालेल्या किल्ल्यांना लिहिणारे पुष्कळ आहेत," किल्लेदार म्हणत. "ज्याच्यावर काही झालं नाही, त्याच्यावर माणसं राहिली. ती कशी राहिली ते लिहायला नको का कोणी?"

त्यांचा आवडता भाग वाटणीचा होता. सरदाराचे दोन नातू भांडले आणि त्यांनी किल्ला मधोमध वाटून घेतला. दोघांनी समोरासमोर दोन घरं बांधली. दरवाजा आणि विहीर मात्र एकेकच होती, म्हणून करार झाला. तटाच्या आत कोणी सुरी उपसायची नाही, जो हात उचलेल त्याने महिनाभर खाली गावात राहायचं, विहिरीचा दोर एका वर्षी याने बदलायचा, दुसऱ्या वर्षी त्याने. हा करार किल्लेदारांना जवळजवळ पाठ होता. "भाऊबंदकी आपलीच वाटते आपल्याला," ते म्हणत. "पण दोराचं कलम बघा. हे आपल्याकडच्यांना सुचलं नसतं." काकू स्वयंपाकघरातून म्हणत, "आपल्याकडे दोरच कापला असता."

त्या किल्ल्याशी त्यांची गाठ कशी पडली, हे त्यांनी मला एकदाच सांगितलं. गावात ते पोटमाळ्यावर राहत. खोलीत शेकोटी नव्हती. पहिल्या हिवाळ्यात रविवारी कारखाना बंद, दुकानं बंद, ओळखीचं कोणी नाही, भाषा येत नाही. एका रविवारी किल्ल्याच्या एका धुराड्यातून धूर निघताना दिसला म्हणून ते चढून गेले. वर एक म्हातारा रखवालदार होता. त्याने दार उघडलं, यांच्याकडे पाहिलं आणि काही न विचारता शेगडीजवळची खुर्ची दाखवली. "इतिहास नंतर आला," किल्लेदार म्हणाले. "आधी मी शेकायला गेलो."

त्यानंतर दर रविवारी ते वर जात. रखवालदार बोलत राही आणि हे जे कळेल ते मराठीत टिपून घेत. निघायच्या आधीच्या शेवटच्या रविवारी त्याने विचारलं, तुझ्या भाषेत हे कोणी लिहिलं आहे का? हे म्हणाले, नाही. तो म्हणाला, मग तू लिही. हे म्हणाले, लिहीन. एवढंच बोलणं झालं होतं. पण विंडसरच्या नोकरीत, दोन घरं बदलताना, त्या टिपणांची पिशवी किल्लेदारांनी हरवू दिली नाही, आणि निवृत्त झाल्यावर दुसऱ्याच आठवड्यात पहिली वही सुरू केली.

माझा संबंध आला तो मंडळाच्या दिवाळी अंकामुळे. मी पुण्यात एका दैनिकात अकरा वर्षं उपसंपादक होतो. टोरोंटोत आल्यावर त्या अनुभवाचा उपयोग एवढ्या एकाच ठिकाणी झाला. किल्लेदार दरवर्षी वहीतलं एखादं प्रकरण हाताने उतरवून आणून देत. प्रकरण वीस पानांचं असे, अंकात जागा दोन पानांची. मी कापत असे. त्यांनी कधी तक्रार केली नाही. पाकीट हातात देताना फक्त म्हणत, "काय उपसंपादक, या वर्षी तटबंदी कुठवर पाडणार?" अंक निघाला की दोन पानं वाचून फोन करत. "कापलं ठीक आहे. पण अख्खं वाचलं होतं ना आधी?" मी हो म्हणत असे. ते पूर्ण खरं नव्हतं. कापणारा माणूस कापण्यापुरतं वाचतो.

शब्दांच्या बाबतीत मात्र ते अडून बसत. जर्मन शब्द तसाच ठेवायचा नाही, असा त्यांचा नियम होता. त्या रखवालदाराने 'तुझ्या भाषेत' म्हटलं होतं, तर भाषा पूर्ण आपली हवी. तट, खंदक, जंग्या, दिंडी दरवाजा, टाकं, हे सगळं त्यांनी आपल्या गडांवरून नेऊन तिथे बसवलं आणि बसलंही. घरातल्या खोल्यांना गडाची नावं देणं हा त्याच कामाचा भाग होता. "शब्द वापरून बघावा लागतो," ते म्हणत. "रोज तोंडात टिकला तर वहीत टिकतो."

एकच शब्द सापडत नव्हता. जर्मन किल्ल्यात एक खोली असे, तिला केमेनाटे म्हणत. दगडी भिंतींच्या त्या सगळ्या पसाऱ्यात पक्की शेकोटी आणि धुराडं असलेली ती जवळजवळ एकटीच खोली. बायका आणि लहान मुलं हिवाळा तिथे काढत. आपल्या गडांवर थंडीसाठी खोली बांधायची वेळ कोणावर आली नाही, म्हणून शब्द नाही. किल्लेदारांनी वह्यांमध्ये त्या शब्दाच्या जागी बोटभर रेघ मारून मोकळी जागा सोडली होती. मी विचारलं, तात्पुरतं काहीतरी लिहून का ठेवत नाही? ते म्हणाले, "ड्रॉइंगमध्ये माप माहीत नसेल तर जागा सोडतात. अंदाजाने आकडा टाकला की कोणीतरी तो खरा धरतो आणि साचा मोडतो."

हे बोलणं त्यांच्या जेवणाच्या टेबलावर चाललं होतं. काकू थालीपीठ वाढत होत्या.

"अहो, बाळंतिणीची खोली म्हणा की," त्या म्हणाल्या.

"कुठली बाळंतीण?"

"गडावर बायका बाळंत होत नव्हत्या?"

"होत असतील. पण हा इतिहास आहे."

"मग ते तुमचे सरदार काय आकाशातून पडले?" काकू माझ्याकडे वळल्या. "आमच्या घरात शेगडी एकाच खोलीत पेटायची. बाजेखाली निखारे, ओव्याची धुरी, दार लोटलेलं. थंडीचे दिवस असले की घरातलं प्रत्येक जण काही ना काही निमित्त काढून तिथे येऊन बसायचं. हे सांगतायत ती खोली तीच आहे. आणि यांनी स्वतः केलीय ती. विंडसरला अजित झाला तेव्हा. डिसेंबर महिना, तिसऱ्या मजल्यावरचं अपार्टमेंट, आईला काही येता आलं नाही. शेगडी पेटवली असती तर अलार्म वाजून बिल्डिंग रिकामी करावी लागली असती. यांनी कुठून तरी विजेचा हीटर आणला आणि पलंगाखाली सरकवला. चादरीचा कोपरा जळला. मी म्हटलं, झाली बाळंतिणीची खोली."

"विषयांतर," किल्लेदार म्हणाले आणि त्यांनी वही मिटली. काकूंनी त्यांच्या ताटात आणखी एक थालीपीठ टाकलं.

काकू त्याच्या पुढच्या वर्षी नोव्हेंबरमध्ये गेल्या. आजार तीन आठवड्यांचा होता. अजित आला, नऊ दिवस राहिला आणि परत गेला. त्या काळात त्यांच्या घरी मी दोनदा गेलो. दोन्ही वेळा अजित वडिलांशी इंग्रजीत बोलत होता आणि ते त्याला मराठीत उत्तर देत होते. दोघांना एकमेकांचं सगळं कळत होतं. दुसऱ्या वेळी टेबलावर वह्या होत्या. अजितने एक चाळली आणि विचारलं, "बाबा, हू इज गोइंग टू रीड इट?" प्रश्नात कुत्सितपणा नव्हता. किल्लेदार म्हणाले, "हे बघतील," आणि माझ्याकडे बोट केलं.

जानेवारीत मी गेलो तेव्हा दारातून आत आल्यावरही कोट काढवेना. घरातले गरम हवेचे व्हेंट त्यांनी पुठ्ठा आणि टेप लावून बंद केले होते. बैठकीची खोली, जेवणाची खोली, वरचा बालेकिल्ला, सगळं गार. फक्त काकूंच्या शिवणकामाच्या लहान खोलीत हीटर चालू होता. तिथेच एक पलंग, एक टेबल आणि वह्या. शिवणयंत्र झाकून कोपऱ्यात होतं.

"फर्नेस बिघडलाय का?" मी विचारलं.

"नाही. अख्खा गड तापवून बसायचं कोणासाठी?" ते म्हणाले. "दार लावा मागे. ऊब जाते."

त्या वर्षी त्यांनी अंकासाठी हिवाळ्याचं प्रकरण दिलं. त्यात एक वाक्य होतं. थंडी वाढली की गडावरची माणसं, आणि मग मोकळी जागा, आणि पुढे 'त जमत.' दोन्ही भावांची भांडणं चालू असतानाही त्यांच्या बायका हिवाळ्यात या एकाच ठिकाणी शेजारी बसत, असं पुढे होतं. मी नेहमीप्रमाणे कापलं. मोकळी जागा छापील पानावर चुकीसारखी दिसली असती. मी तिथे 'उबदार खोली' असे दोन शब्द घातले. वाक्य व्याकरणात बसलं. अर्थही बरोबर होता. अंक छापून आला.

किल्लेदारांनी फोन केला नाही. एक आठवड्याने मी गेलो. अंक त्या लहान खोलीतल्या टेबलावर उघडा होता आणि दोन शब्दांभोवती पेन्सिलीने वर्तुळ होतं.

"उपसंपादक, ही जागा रिकामी होती."

"हो. वाचकांना छपाईची चूक वाटली असती."

"वाटू द्यायची." ते आवाज न चढवता बोलत होते. "उबदार खोली म्हणजे कुठलीही खोली. थर्मोस्टॅट वाढवला की झाली. तुम्ही इतकी वर्षं कापलंत, मी कधी बोललो? कापा. भरू नका."

मी चूक कबूल केली. मग म्हणालो, "काकूंनी एक शब्द सुचवला होता."

"मी ऐकला होता." त्यांनी हीटर थोडा जवळ ओढला. "मी त्याला विषयांतर म्हटलं. आता तो लिहिला तर बरोबर लिहिलाय का, हे विचारायचं कोणाला?"

त्यांनी उठून दार पक्कं लावलं. ते लागलेलंच होतं.

पुढच्या वर्षी त्यांचा पाय घसरला, आणि बर्फ ते स्वतः काढतात हे ऐकून अजितने घर विकायचं ठरवलं. सामान जायच्या दिवशी दुपारी किल्लेदारांनी मला बोलावलं. बाहेर 'सोल्ड'ची पाटी होती. आत आमचे आवाज घुमत होते. त्यांनी विंटर टायर्सच्या रिकाम्या खोक्यात वह्या ठेवल्या होत्या आणि वर एक कागद होता.

"किल्ला एकाकडून दुसऱ्याकडे सोपवताना यादी करतात," ते म्हणाले. "खाली सही करा."

वह्या पाच. नकाशे अकरा. फोटो चार. रखवालदाराचं पत्र एक. त्याखाली आणखी एक ओळ होती. माल नेणारे दारात उभे होते, मी घाईत सही केली आणि ती ओळ वाचली नाही. हे इथे नोंदवणं भाग आहे.

"पूर्ण छापायचं का?" मी विचारलं.

"ते तुमचं खातं. त्या रखवालदाराला मी लिहीन म्हटलं होतं, ते लिहिलं." त्यांनी खोक्याचं झाकण लावलं. "फक्त एकदा कोणीतरी सलग वाचा. पहिल्या पानापासून. तुम्ही आजवर तुकडे वाचलेत."

मी वाचतो म्हणालो. मी त्यांच्याकडून शिकलो असतो तर त्याच आठवड्यात सुरुवात केली असती.

कॅलगरीला त्यांची सोय अजितच्या घरी झाली. मी महिन्यातून एकदा फोन करत असे. फोन अजित उचलायचा. "ही इज इन द बेसमेंट. होल्ड ऑन." मग जिन्याची पावलं, एक दार, आणि मग किल्लेदारांचा आवाज. पहिल्या वेळी मी विचारलं, कसं आहे तिथे? ते म्हणाले, "अंबरखान्यात मुक्काम आहे." पुढे म्हणाले, "अजितला शब्द सांगितला. तो म्हणाला, नाइस. वापरत नाही."

जानेवारीतल्या फोनवर मी थंडीची चौकशी केली.

"बाहेर उणे तीस. खोलीत हीटर आहे. चादर लांब ठेवलीय." मग त्यांनी विचारलं, "कुठवर आलात? विहीर आली का?"

विहीर पहिल्याच वहीत होती. मी खोकं उघडलं नव्हतं. "लवकरच सुरू करतोय," मी म्हणालो.

"सावकाश," ते म्हणाले. "किल्ला कुठे जात नाही."

मार्चमध्ये अजितचा फोन आला. वडील झोपेत गेले, असं त्याने इंग्रजीत सांगितलं. मग म्हणाला, "एव्हरीबडी युज्ड टू सिट डाउन देअर, यू नो. द किड्स, द डॉग. इट वॉज द वॉर्मेस्ट रूम." त्याला त्या वह्यांतलं एक अक्षरही माहीत नव्हतं.

त्या संध्याकाळी मी खोकं उघडलं आणि सलग वाचायला बसलो. चार दिवस लागले. विहीर, दोर, दोन भाऊ, ओस पडलेला तट, निर्वासितांच्या दोऱ्यांवर वाळणारे कपडे. कापताना मी जे टाकून दिलं होतं ते सगळं तिथे जागच्या जागी होतं. आणि जिथे जिथे बोटभर रेघ होती, तिथे रेघेवर वेगळ्या शाईने, थरथरत्या अक्षरात, एकच नाव लिहिलेलं होतं. बाळंतिणीची खोली. मी खोक्यातली यादी काढून शेवटची ओळ वाचली. 'रिकाम्या जागा: एकही नाही.'

मंडळाने पुस्तक काढायचं मान्य केलं. काहीही न कापता. मुद्रितं तपासायचं काम मंडळाच्या नव्या चिटणीस मुलीने घेतलं. ती काळजीपूर्वक काम करते. गेल्या आठवड्यात तिने मला फोन केला.

"काकांची एक चूक राहिलीय बहुतेक," ती म्हणाली. "किल्ल्यात सगळीकडे 'बाळंतिणीची खोली' आलंय. जुन्या दिवाळी अंकात मी चेक केलं, तिथे 'उबदार खोली' होतं. तसं करून टाकू का सगळीकडे?"

मी म्हणालो, अंकातलं चूक होतं.

तिने पानं पाठवली. प्रत्येक ठिकाणी तिने फोन करण्याआधीच लाल शाईत शब्द खोडून वर दुरुस्ती लिहिली होती. खोडलेलं पुन्हा ठेवायचं असेल तर त्याखाली टिंबं देतात आणि समासात दोन शब्द लिहितात. पुण्यात मी ते क्वचितच लिहिले असतील. पहिल्या पानापासून सुरुवात केली आणि एकेका जागी टिंबं देत, समासात लिहीत गेलो. जैसे थे.